योगायोगाच्या मागे जा: एकोणिसाव्या शतकातली वास्तववादी कादंबरी पहिल्यांदा वाचणाऱ्यांसाठी

थॉमस हार्डी किंवा जॉर्ज एलियट (हे एका लेखिकेचं टोपणनाव) पहिल्यांदा हातात घेणाऱ्यांची एक तक्रार ठरलेली असते: ‘सगळं योगायोगावरच चाललंय की!’ दाराखालून सरकवलेलं पत्र नेमकं गालिच्याखाली जातं. नको त्या माणसाच्या हाती नको तो कागद लागतो. आई दार ठोठावते तेव्हाच मुलगा गाढ झोपलेला असतो. एमए इंग्रजीला बसलेले असोत किंवा केवळ हौसेने वाचणारे, अनेक जण इथेच ‘लेखकाने सोय करून घेतली’ असं म्हणून पुस्तक मिटतात. मला त्याचं फार वाईट वाटतं, कारण या लेखकांनी सगळ्यात जास्त कष्ट त्याच जागेवर घेतलेले असतात. योगायोग दिसला की पुढे पळायचं नाही, मागे जायचं. मागे गेलं की हवामान, माती, कायदा, वैद्यक, लोकांची अर्धवट माहिती असं बरंच काही हाती लागतं. ते कसं करायचं, ते क्रमाने सांगतो.

आधी हाताशी काय हवं

- कादंबरीची शक्यतो टिपा असलेली प्रत. या सगळ्या कादंबऱ्यांचा कॉपीराइट केव्हाच संपला आहे, त्यामुळे प्रोजेक्ट गुटेनबर्गवर त्या फुकट मिळतात. शोधायला डिजिटल आणि वाचायला छापील, अशी जोडी उत्तम.
- एक वही. मोबाइलमधल्या नोट्स चालतात, पण रकाने आखायचे आहेत, म्हणून कागद बरा.
- हार्डी वाचणार असाल तर त्याच्या ‘वेसेक्स’चा, म्हणजे कादंबऱ्यांतल्या काल्पनिक मुलखाचा, नकाशा. ‘द रिटर्न ऑफ द नेटिव्ह’साठी त्याने स्वतःच एक नकाशा काढला होता. कोण कुठून किती चाललं, हे त्याच्याशिवाय कळत नाही.
- वहीच्या पहिल्या पानावर ही सनावळी: १८३०–३३, चार्ल्स लायलचा भूविज्ञानाचा ग्रंथ, १८३५, केतलेचं ‘सरासरी माणूस’ मांडणारं पुस्तक, १८३८–३९, श्लायडेन आणि श्वान यांचा पेशीसिद्धांत, १८४६, परदेशी धान्यावर कर लावणारे इंग्लंडमधले धान्यकायदे रद्द, १८५९, डार्विनचं ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’, १८६६, हेकेलने ‘इकॉलॉजी’ ही संज्ञा घडवली.

एवढं पुरे. विज्ञानाची पदवी लागत नाही.

१. सुरुवात छोट्या पुस्तकाने करा

‘मिडलमार्च’ने सुरुवात करू नका. ती थोर आहेच, पण आधी डोळा तयार व्हायला हवा. एलियटचीच ‘सायलस मार्नर’ (१८६१) घ्या. विणकर सायलसवर चोरीचा आळ येतो आणि त्याच्या पंथातले लोक चिठ्ठ्या टाकून निकाल लावतात. त्यांच्या लेखी चिठ्ठी म्हणजे देवाचा कौल. पुढे जमीनदाराचा मुलगा गॉडफ्रे आपल्या भानगडीतून एखादा अनुकूल योग आपल्याला सोडवेल, या आशेवर दिवस काढतो. नवव्या प्रकरणाच्या शेवटी एलियट या वृत्तीचा थेट समाचार घेते. आणि सायलसला अधूनमधून येणारी तंद्री हा एक आजार आहे, जो त्याच्या पंथातल्या लोकांना दैवी किंवा सैतानी वाटतो. नशिबाकडे पाहायच्या तीन नजरा एका छोट्या कादंबरीत सापडतात.

त्यानंतर हार्डीची ‘द रिटर्न ऑफ द नेटिव्ह’ (१८७८) किंवा ‘द वुडलँडर्स’ (१८८७), आणि मग ‘मिडलमार्च’.

२. योगायोगांची वही ठेवा

पान आडवं धरून चार रकाने आखा: काय घडलं; पहिली साखळी; दुसरी साखळी; त्यातलं कोणाला काय माहीत नव्हतं.

दोन साखळ्या कशासाठी? फ्रेंच गणिती कूर्नो याने १८४३ मध्ये मांडलेली व्याख्या इथे फार उपयोगी पडते. एकमेकांशी संबंध नसलेल्या दोन कारणमालिका एका जागी भेटतात, त्या भेटीला तो योगायोग म्हणतो. प्रत्येक मालिकेत सगळं सकारण असतं. फक्त त्यांची गाठ कोणी ठरवलेली नसते.

‘मिडलमार्च’च्या ४१व्या प्रकरणावर हे करून पाहू. रॅफल्स नावाचा दारुडा, वाया गेलेला माणूस सावत्र मुलाकडे पैसे मागायला येतो. निघताना मुलगा त्याची बाटली ब्रँडीने भरून देतो. बाटली तिच्या चामड्याच्या वेष्टनात सैल बसते, हलते. शेकोटीच्या कठड्याशी एक घडी घातलेला कागद पडलेला असतो. रॅफल्स तो उचलतो, बाटलीखाली कोंबतो आणि चालू लागतो. कागदावर गावातल्या प्रतिष्ठित सावकाराची, बुलस्ट्रोडची, सही आहे. रॅफल्सला त्याचं जुनं पाप ठाऊक आहे; तो आता कुठे राहतो, तेवढं ठाऊक नव्हतं.

पहिली साखळी: बुलस्ट्रोडला जमिनीची हाव, म्हणून त्या घराशी पत्रव्यवहार, म्हणून ते पत्र. दुसरी साखळी: रॅफल्सची कंगाली, व्यसन, सैल बाटली. चौथ्या रकान्यात लिहा: पत्र लिहिताना आपण कोणाच्या सावत्र मुलाला लिहितोय, हे बुलस्ट्रोडला माहीत नव्हतं.

इथे थांबू नका, पुढचाही माग काढा. रॅफल्स गावात येतो, धमकावतो, आजारी पडतो. त्याच्यावर उपचार करतो तरुण डॉक्टर लिडगेट, आणि त्याच सुमारास बुलस्ट्रोडने त्याला कर्ज फेडायला एक हजार पौंड दिलेले असतात. दारूने आजारी झालेल्याला दारू द्यायची नाही आणि अफू अगदी जपून द्यायची, ही लिडगेटची पद्धत तेव्हा नवी होती. रूढ उपचार नेमका उलटा. म्हणूनच बुलस्ट्रोडने घरकाम पाहणाऱ्या बाईच्या हाती ब्रँडीची किल्ली दिली, तेव्हा तिला त्यात काही वावगं दिसलं नाही. रोगी मरतो. खून म्हणून बोट ठेवता येत नाही, आणि संशयाचा चिखल लिडगेटवरही उडतो. बाटलीखालच्या कागदापासून निघालेली गोष्ट वैद्यकातल्या एका खऱ्याखुऱ्या मतभेदापाशी पोचते. त्या काळचे डॉक्टर काय मानत होते हे लेखिकेने अभ्यासलं नसतं, तर हे कथानक उभंच राहिलं नसतं.

सापळा: डिजिटल प्रतीत ‘चान्स’ किंवा ‘अ‍ॅक्सिडेंट’ हे शब्द शोधून यादी करायचा मोह होईल. यादी करा, पण तिच्यावर विसंबू नका. सगळ्यात महत्त्वाचे योगायोग साध्या वाक्यांत, असा कुठलाही शब्द न वापरता येतात.

३. दोन सन वेगळे लिहा

प्रत्येक कादंबरीसाठी गोष्ट घडते तो काळ आणि ती लिहिली तो काळ शेजारी शेजारी मांडा. ‘मिडलमार्च’ १८७१–७२ मध्ये आठ भागांत प्रसिद्ध झाली. गोष्ट आहे १८२९ ते १८३२ची. ही चाळीस वर्षं म्हणजे लेखिकेचं मोठं हत्यार आहे.

लिडगेट पॅरिसला शिकून आलाय. बिशा या फ्रेंच शरीरशास्त्रज्ञाने शरीर म्हणजे ऊतींची रचना, असं मांडलं होतं. त्या सगळ्या ऊती ज्या एका मूळ ऊतीपासून निघाल्या असतील, ती लिडगेट शोधतोय. निवेदिका म्हणते की त्याने प्रश्न विचारला खरा, पण वाट पाहत असलेल्या उत्तराला हवा होता अगदी तसा विचारला नाही. १८७२च्या वाचकाला ते उत्तर ठाऊक होतं: पेशी. हुशार, मेहनती माणूस एका इंचाने चुकीच्या दिशेला पाहतोय, हे वाचकाला दिसतं आणि त्याला दिसत नाही. त्याच्या लग्नाचंही नेमकं हेच होतं. सनावळी समोर नसेल तर हा सगळा खेळ हातातून निसटतो.

हार्डीच्या ‘द मेयर ऑफ कॅस्टरब्रिज’मध्येही (१८८६) हेच. धान्याचा व्यापारी हेंचर्ड हवामान सांगणाऱ्या एका भगताकडे जातो, पावसाळी सुगीचं भाकीत ऐकतो आणि भरमसाट धान्य विकत घेतो. ऊन पडतं, भाव कोसळतात, तो तोट्यात विकतो. थोड्याच दिवसांत हवा फिरते. आजच्या वाचकाला हे दुर्दैव वाटतं. पण गोष्ट धान्यकायदे रद्द होण्याआधीची आहे. परदेशी धान्याची स्पर्धा नव्हती, त्यामुळे भाव सगळा देशातल्या पिकावर आणि म्हणून आभाळावर. हेंचर्डला बुडवणारा ऊनपाऊस कायद्यातून येतो.

४. विज्ञान फक्त डॉक्टर-पात्रांत शोधू नका

वैज्ञानिक पात्रं सहज सापडतात. तुर्गेनेव्हच्या ‘फादर्स अँड सन्स’मधला (१८६२) बाझारोव्ह बेडूक चिरतो, आणि टायफसने मेलेल्या माणसाचं शवविच्छेदन करताना झालेल्या जखमेने मरतो. अशा पात्रांची नोंद जरूर घ्या. पण निवेदन स्वतःच कधीकधी प्रयोगासारखं चालतं, ते पकडायला शिका.

‘मिडलमार्च’च्या २७व्या प्रकरणाची सुरुवात एका प्रयोगाने होते. तो घरी करून पाहाच. बरीच वर्षं घासलेली स्टीलची ताटली घ्या. दिव्याखाली धरली तर बारीक ओरखडे सगळीकडे, वाटेल त्या दिशेने गेलेले दिसतात. आता खोलीत अंधार करा आणि मोबाइलचा टॉर्च ताटलीजवळ धरा. ओरखडे टॉर्चभोवती गोल गोल वर्तुळांत रचल्यासारखे दिसतील. टॉर्च सरकवा, वर्तुळंही सरकतील. ओरखडे होते तिथेच आहेत; रचना उजेडाने केली. एलियटकडे पॉलिश केलेला आरसा किंवा पोलादी पत्रा आहे आणि मेणबत्ती आहे. ओरखडे म्हणजे घटना, मेणबत्ती म्हणजे एखाद्याचा अहंभाव, असं ती स्वतःच सांगते. लिडगेटची पुढे बायको होणाऱ्या रोझमंडला वाटतं की लिडगेटशी आपली गाठ पडावी म्हणूनच सगळं जुळून आलं. घटना मात्र दिशाहीनच होत्या.

या एका परिच्छेदानंतर वहीला पाचवा रकाना जोडा: हा योगायोग कोणाच्या मेणबत्तीत ‘योग’ वाटतो?

विज्ञान शरीरावर कसं उतरतं, हे पाहायला हार्डीची ‘अ पेअर ऑफ ब्लू आइज’ (१८७३) उघडा आणि कड्याचा प्रसंग काढा. नाइट हा विद्वान गृहस्थ कड्यावर आपटून वर उसळणारा वारा कसा वागतो, हे प्रेयसीला, एल्फ्राइडला, समजावून सांगतोय. टोपी उडते, ती आणायला जाताना पावसाने निसरड्या झालेल्या उतारावरून तो घसरतो आणि कड्याला लोंबकळतो. डोळ्यांसमोर, खडकात, एक ट्रायलोबाइट, म्हणजे फार पूर्वी नामशेष झालेल्या समुद्री जीवाचा जीवाश्म. त्याचे दगड झालेले डोळे त्याच्याकडे पाहताहेत. नाइटला भूविज्ञान येतं, म्हणून त्या क्षणी त्याच्या मनातून युगांमागून युगं सरकत जातात. त्याला वाचवते ती एल्फ्राइडने अंगावरच्या कपड्यांच्या पट्ट्या फाडून वळलेली दोरी. लायलच्या ग्रंथाने काळ किती लांब झाला आणि माणूस त्यात किती लहान, हे या दोन-चार पानांइतकं कुठे जाणवत नाही.

५. परिसराला पात्र म्हणून नोंदवा

हार्डीची निसर्गवर्णनं गाळून वाचणारे खूप आहेत. ‘द रिटर्न ऑफ द नेटिव्ह’चं पहिलं प्रकरण सगळंच्या सगळं एग्डन हीथ या झुडपाळ माळरानाचं आहे, माणूस दुसऱ्या प्रकरणात येतो. ते प्रकरण गाळू नका, दोनदा वाचा. मग प्रत्येक महत्त्वाच्या प्रसंगाला विचारा: इथे कोणता प्राणी, कोणती वनस्पती, कोणतं हवामान काम करतंय?

तिसऱ्या भागातलं आठवं प्रकरण सरावाला घ्या. रात्रीची वेळ, माळावर कंदिलाच्या उजेडात मिसेस योब्राइटच्या पुतणीचा नवरा वाइल्डीव्ह आणि त्या पुतणीचा हितचिंतक व्हेन फासे टाकताहेत. पैज आहे मिसेस योब्राइटने पाठवलेल्या शंभर गिनींची: अर्ध्या पुतणीसाठी, अर्ध्या मुलासाठी. कवटीची खूण असलेला एक मोठा पतंग येतो आणि कंदील विझवतो. वाइल्डीव्ह शोधून शोधून तेरा काजवे एका मोठ्या पानावर गोळा करतो आणि फाशांभोवती मांडतो. (आपल्याकडच्या उडणाऱ्या काजव्यांचं चित्र डोळ्यांसमोर आणू नका. तिथली मादी बिनपंखांची असते, गवतात बसून उजेड देते. म्हणूनच ती अशी मांडता येते.) माळावरची रानटी तट्टं गोल करून पाहत उभी राहतात. त्या हिरवट उजेडात खेळ पुढे चालतो आणि व्हेन सगळे पैसे परत जिंकतो.

आता वहीत काय लिहाल? ‘फाशांनी घात केला’ असं लिहाल तर चुकेल. फाशांनी पैसे योग्य बाजूला आणलेच होते. घात झाला तो पुढे. त्यातले अर्धे मुलाचे होते, हे व्हेनला ठाऊक नव्हतं, म्हणून त्याने सगळे पुतणीला दिले. निवेदक तिथेच सांगून टाकतो की पैसे बुडण्यापेक्षा या चुकीने कितीतरी जास्त नुकसान केलं. चौथा रकाना, कोणाला काय माहीत नव्हतं, हा सगळ्यात महत्त्वाचा का, ते इथे समजतं. डार्विननेही ‘ओरिजिन’च्या पाचव्या प्रकरणात हेच म्हटलंय: फरक ‘योगायोगाने’ होतात असं बोलणं चूकच आहे, त्यातून फक्त कारणांविषयीचं आपलं अज्ञान कबूल होतं.

‘द वुडलँडर्स’मध्ये ही गुंतागुंत आणखी दाट आहे. म्हातारा जॉन साउथ घरासमोरच्या एल्म झाडाच्या भीतीने खंगतोय. ते आपल्यावर पडणार, असं त्याला वाटतं. डॉक्टर फिट्झपिअर्स झाड तोडायला लावतो, आणि झाड दिसेनासं झाल्याच्या धक्क्याने म्हातारा दगावतो. जाइल्स विंटरबोर्नची घरं विशिष्ट माणसं जिवंत असेपर्यंतच्या भाडेपट्ट्यावर होती आणि साउथ हा त्यातला शेवटचा जीव. म्हातारा जातो, घरं जातात, घरांबरोबर ग्रेसशी लग्नाची आशाही जाते. त्याआधी एका अरुंद रस्त्यावर जाइल्स हाकत असलेल्या, लाकडांनी लादलेल्या गाडीने जमीनदारीणबाईंच्या बग्गीची वाट अडवलेली असते, आणि घरं त्याच्याकडे ठेवायची की नाही हे त्याच बाईंच्या हाती असतं, तेही विसरू नका. झाड, वैद्यक, जमिनीचा कायदा आणि एक रुसवा, यांतलं एक काढलं तरी गोष्ट बदलते. ‘ओरिजिन’च्या तिसऱ्या प्रकरणात डार्विन मांजरांपासून उंदरांमार्फत, भुंग्यांमार्फत थेट क्लोव्हरच्या फुलांपर्यंत पोचतो; ते पान आणि हा भाग एकाच बैठकीत वाचा.

आणि याच कादंबरीतली सातव्या प्रकरणातली रानवाट चुकवू नका. शेवाळासारखं दगडफूल देठाचा जोम खातंय, वेल कोवळ्या झाडाचा गळा आवळतेय. शहरातल्या गरीब वस्तीत दिसते तशीच अपुरी राहिलेली धडपड हार्डीला जंगलात दिसते. पुढच्याच प्रकरणात मार्टी रोपं लावताना म्हणते की उभं केल्याबरोबर ती उसासे टाकू लागतात. दोन्ही खरं आहे, आणि हार्डी दोन्ही ठेवतो.

६. नेहमीचे खड्डे

‘हार्डी नियतिवादी आहे’ हे गाइडमधलं वाक्य वहीत येऊ देऊ नका. नियती म्हणजे कोणीतरी ठरवलेलं. १८६६ मध्ये लिहिलेल्या ‘हॅप’ या कवितेत त्याचं दुःख नेमकं उलटं आहे: सूड घेणारा देव असता तरी सहन केलं असतं, पण इथे ठरवणारं कोणीच नाही.

‘सर्वायव्हल ऑफ द फिटेस्ट’ डार्विनच्या तोंडी घालून १८५९ सन टाकू नका. तो शब्दप्रयोग हर्बर्ट स्पेन्सरचा, १८६४चा. डार्विनने तो पाचव्या आवृत्तीत, १८६९ मध्ये घेतला.

फ्रेंच कादंबरीकार झोलाच्या मोजपट्टीने सगळ्यांना मोजू नका. क्लोद बर्नारच्या प्रायोगिक वैद्यकावरून त्याने १८८० मध्ये ‘प्रायोगिक कादंबरी’चा जाहीरनामा लिहिला आणि आनुवंशिकतेचा धागा धरून वीस कादंबऱ्यांची माळ पूर्ण केली. एलियटने किंवा हार्डीने असा दावा केलेला नाही. झोलाच्या कादंबऱ्या त्याच्या जाहीरनाम्यापेक्षा खूप मोठ्या आहेत, असं माझं मत आहे.

आजचे हवामानबदलाचे प्रश्न सरळ त्या पानांवर लादू नका. आधी त्या काळचं रान, शेत, बाजार नीट पाहा.

आवृत्ती तपासा. ‘द रिटर्न ऑफ द नेटिव्ह’चा गोड शेवट मुळात योजलेला नव्हता, मासिकातून क्रमशः छापताना तो तसा झाला, अशी टीप हार्डीने १९१२च्या आवृत्तीत स्वतः घातली. काही स्वस्त प्रतींत ती नसते. शेवटावर निबंध लिहून झाल्यावर ती सापडली तर पंचाईत होते.

७. निबंध किंवा प्रबंध लिहायचा असेल तर

समीक्षा लगेच उघडू नका. एक कादंबरी पूर्ण आणि वही भरलेली, एवढं झालं की गिलियन बीअर यांचं ‘डार्विन्स प्लॉट्स’ (१९८३) घ्या. भाषा जड आहे, पण वहीतली उदाहरणं तुमच्याजवळ असतील तर ते पुस्तक मोकळेपणाने बोलू लागतं. त्याआधी वाचलंत तर त्यांचीच उदाहरणं तुमच्या तोंडी येतील.

मग वहीतला सगळ्यात जास्त भरलेला एकच प्रसंग निवडा. त्यावर दोन पानं लिहा: दोन साखळ्या कुठून आल्या, कुठे भेटल्या, कोणाला काय माहीत नव्हतं, माणसाबाहेरचं काय काय कामाला लागलं आणि १८५९च्या आधीच्या वाचकाने तोच प्रसंग कसा वाचला असता. लेखकाने डार्विन वाचला होता, हा पुरावा पुरत नाही. तो प्रसंगातल्या वाक्यात दाखवता आला पाहिजे. ही दोन पानं मार्गदर्शकांना दाखवा. प्रबंधाचं शीर्षक त्यानंतर ठरवा.